दोन माणसे आणि चार भिंती : हंगेरियन लघुपटातील जवळची नाती

हंगेरियन लघुपटात दोन माणसांच्या नात्याचा विषय आला की बाकीच्या गोष्टी एकेक करून गळू लागतात. आधी निवेदक जातो, मग पार्श्वसंगीत, मग पात्रांची नावे आणि कित्येकदा संवादही. उरतात ती दोन माणसे, एखादी खोली किंवा रस्त्याचा तुकडा, आणि दहा-वीस मिनिटांचा अवधी. ही माणसे कशी भेटली, पुढे त्यांचे काय झाले, हे सांगण्याची जबाबदारी चित्रपट घेत नाही. नात्याच्या मधल्याच एका क्षणी प्रेक्षकाला दारात उभे केले जाते आणि थोड्या वेळाने दार लोटून घेतले जाते.

असा मितव्यय फ्रेंच किंवा जपानी चित्रपटातही आढळतो. हंगेरीत मात्र त्याला दोन जास्तीची कारणे मिळाली. पहिले वैचारिक. माणसाचा चेहरा हीच चित्रपटाची मूळ भाषा, असे ठामपणे मांडणारा सुरुवातीचा मोठा सिद्धांतकार याच देशातला. दुसरे कारण साधे आणि रोखठोक आहे. एकांताला लागणारी जागाच बुडापेस्टमधल्या सामान्य माणसाला कित्येक दशके नीट मिळाली नाही. त्यामुळे या चित्रपटांत प्रेमाच्या त्रिकोणाचा तिसरा कोन शोधायला फार लांब जावे लागत नाही. तो बहुधा घर हाच असतो. नवरा-बायको भांडतात तेव्हा पलीकडच्या खोलीत कोणीतरी ऐकत असते, प्रेमिक भेटतात ते बागेतल्या बाकावर, आणि सत्तावीस वर्षांच्या मुलीची स्वप्ने आईवडिलांच्या घरातल्या एका खोलीत मावेनाशी होतात. पुढे ज्या चित्रपटांचा उल्लेख येईल त्यांतले काही लघुपट आहेत, काही पूर्ण लांबीचे. ही सरमिसळ टाळता येत नाही, कारण दिग्दर्शक तेच, छायालेखक तेच आणि दृष्टीही तीच.

या परंपरेचा उगम चित्रपटात नसून रंगभूमीवर सापडतो. सेगेद शहरात १८८४ साली जन्मलेल्या बेला बालाझ या कवीने १९१० मध्ये एक छोटे पद्यनाट्य लिहिले. ‘निळ्या दाढीच्या सरदाराचा किल्ला’ हे त्याचे नाव. संगीतकार बेला बार्तोक याने १९११ मध्ये त्यावर एकअंकी ऑपेरा रचला आणि तो बुडापेस्टच्या ऑपेरागृहात १९१८ मध्ये रंगभूमीवर आला. सुरुवातीला प्रास्ताविक बोलणारा एक भाट सोडला तर रंगमंचावर दोनच गायक : सरदार आणि त्याची नवी बायको युदित. खेळ तासाभराचा. घटना म्हणावी तर एवढीच, की किल्ल्यात सात बंद दारे आहेत आणि युदित ती एकामागून एक उघडायला लावते. छळाची खोली, शस्त्रागार, खजिना, बाग, दूरवर पसरलेले राज्य, अश्रूंचे तळे. आणि सातव्या दाराआड आधीच्या बायका. नव्या बायकोला शेवटी त्यांच्यातच जाऊन उभे राहावे लागते. दोन माणसे, एक वास्तू आणि जवळ जाण्याचा हट्ट, एवढ्या भांडवलावर पूर्ण नाट्य उभे राहते, हे बालाझने चित्रपटाकडे वळण्याआधीच दाखवून दिले होते. एकमेकांना किती ओळखावे आणि कुठे थांबावे, हा त्या नाट्यातला प्रश्न हंगेरियन चित्रपटाने पुढे वारंवार विचारला आहे.

१९१९ मधील अल्पजीवी साम्यवादी राजवट कोसळल्यावर बालाझला देश सोडावा लागला. व्हिएन्नात तो वृत्तपत्रातून चित्रपट-परीक्षणे लिहू लागला आणि १९२४ मध्ये त्याचे ‘दृश्य मानव’ हे जर्मन भाषेतले पुस्तक निघाले. छापखान्याने माणसाला वाचायला शिकवले, पण त्या नादात चेहरा वाचण्याची त्याची कला हरवली. चित्रपट ती परत मिळवून देईल, असा त्या पुस्तकाचा रोख आहे. बालाझच्या मते निकटदृश्य म्हणजे वस्तू मोठी करून दाखवण्याची केवळ सोय नव्हती. चेहरा पडद्यावर एकटाच आला की भोवतालची जागा विसरली जाते, आणि ओठांच्या कडेची किंवा पापणीची बारीकशी हालचाल एखाद्या प्रसंगाइतकी वजनदार होते. एकाच चेहऱ्यावर एकाच वेळी दोन परस्परविरोधी भाव वाचता येतात, हे त्याने मूकपटातील अभिनेत्री आस्ता नील्सनच्या अभिनयावरून दाखवले. बोलपट आल्यावरही त्याचा हा आग्रह सुटला नाही. दुसऱ्या महायुद्धानंतर तो मायदेशी परतला, ‘कुठेतरी युरोपात’ (१९४७) या चित्रपटाच्या पटकथेत त्याने हात घातला आणि १९४९ मध्ये त्याचा मृत्यू झाला. शेवटच्या वर्षांत नव्या सत्ताधाऱ्यांनी त्याला बाजूलाच टाकले होते. दहा वर्षांनी तरुण चित्रपटकर्मींच्या एका मंडळाला त्याचे नाव दिले गेले.

बेला बालाझ स्टुडिओ हेच ते मंडळ. १९५९ मध्ये ते चर्चामंडळासारखे सुरू झाले आणि १९६१ मध्ये त्याला स्टुडिओचे रूप आले. त्या सुमारास बुडापेस्टच्या नाट्य-चित्रपट महाविद्यालयातून फेलिक्स मारियाशी यांच्या हाताखाली शिकलेला एक वर्ग बाहेर पडला होता. इश्तवान साबो, युदित एलेक, झोल्तान हुसारिक असे पुढे गाजलेले विद्यार्थी त्यात होते. पूर्ण लांबीचा चित्रपट हाती यायला पूर्वी वर्षानुवर्षे सहायक म्हणून राबावे लागे. स्टुडिओने ती वाट आखूड केली. वर्षाला ठरावीक रक्कम मिळे आणि कोणता लघुपट करायचा हे सभासदच आपसांत ठरवत. सगळ्यांत मोठी सवलत म्हणजे इथे तयार होणारा चित्रपट प्रदर्शित झालाच पाहिजे अशी अट नव्हती, त्यामुळे आधीपासून परवानगीच्या फेऱ्या नव्हत्या. चित्रपट पूर्ण झाल्यावर तो लोकांपुढे जाऊ द्यायचा की नाही, एवढेच वरचे लोक ठरवत. काही चित्रपट त्यामुळे कपाटातच राहिले. पण ते तयार झाले, हे महत्त्वाचे.

त्या काळाचे राजकारण लक्षात घेतल्याशिवाय नात्यांवर एवढा भर का, हे कळत नाही. १९५६ चा उठाव चिरडल्यानंतर आलेल्या कादार राजवटीने पहिली काही वर्षे सूड घेतला आणि साठच्या दशकात हळूहळू पकड सैल केली. संस्कृतीचा कारभार पाहणारे द्योर्द आत्सेल कलाकृतींची तीन प्रकारांत वर्गवारी करत : पाठिंबा द्यायच्या, चालवून घ्यायच्या आणि रोखायच्या. खासगी आयुष्यावरचे चित्रपट सहसा मधल्या वर्गात बसत. सार्वजनिक प्रश्नावर उघड बोलता येत नसे, पण स्वयंपाकघरातले भांडण दाखवायला कोणाची हरकत नव्हती. दिग्दर्शकांनी ही फट ओळखली. घराची वानवा, कामाच्या पाळ्या, तुरुंगातून न परतलेला मुलगा, हे सारे त्यांनी दोन माणसांच्या संभाषणात घालून दाखवले.

स्टुडिओचे पहिले ठळक यश साबोचे आहे. ‘तू’ (१९६३) हा त्याचा जेमतेम दहा मिनिटांचा लघुपट म्हणजे एका मुलीचे चित्र. त्सेत्सिलिया एस्तेर्गायोश ही अभिनेत्री बुडापेस्टच्या रस्त्यांतून चालते, हसते, वळून बघते. कॅमेऱ्याची नजर म्हणजे प्रियकराची नजर, असे गृहीत धरूनच तो पाहावा लागतो. चित्र मधेच गोठते, पुन्हा सुरू होते. जणू बघणाऱ्याला एखादा क्षण सोडवत नाही. फ्रेंच नवलाटेची छाप त्यावर स्वच्छ दिसते, आणि आज पाहताना त्यातला खेळकरपणा थोडा जुनाही वाटतो. तरी कथानक अजिबात न ठेवता, केवळ पाहण्याच्या पद्धतीतून प्रेम दाखवण्याचा तो प्रयत्न पुढच्यांना धीर देऊन गेला.

युदित एलेकचा ‘भेट’ (१९६३) त्याच वर्षीचा, पण स्वभावाने अगदी उलट, आणि या विषयाच्या दृष्टीने जास्त मोलाचा. वर्तमानपत्रातल्या जाहिरातीवरून ओळख झालेले मध्यमवयीन बाई आणि पुरुष पहिल्यांदा भेटतात, एवढीच त्याची गोष्ट. पुरुषाच्या भूमिकेत इवान मान्दी हा कथालेखक आहे. बुडापेस्टच्या उपनगरांतली चुकार, अबोल माणसे आणि जुनी चित्रपटगृहे हा त्याच्या कथांचा प्रांत. एलेकने भेटीचा प्रसंग मांडला आणि बोलणे बरेचसे त्या दोघांवर सोडले. कॅमेरा त्यांच्या मागे राहतो, नाटकी वळण देत नाही. पहिल्या भेटीत माणसे बोलायचे म्हणून जे बोलतात, मधे ज्या अडखळत्या जागा राहतात, हात कुठे ठेवावेत हे न कळल्याने जी चुळबुळ होते, तीच या चित्रपटाची सामग्री आहे. माहितीपट आणि कथापट यांच्या सीमेवर हलक्या कॅमेऱ्याने काम करण्याची जी पद्धत हंगेरीत पुढे रुजली, तिची सुरुवात अनेक अभ्यासक इथूनच धरतात. सहा वर्षांनी एलेक आणि मान्दी पुन्हा एकत्र आले. ‘कॉन्स्टँटिनोपलची बाई’ या नावाने परदेशात ओळखल्या गेलेल्या १९६९ च्या पूर्ण लांबीच्या चित्रपटात मान्यी किश या ज्येष्ठ अभिनेत्रीने एकट्या म्हातारीचे काम केले आहे. म्हातारीला आपले मोठे घर देऊन लहान घर घ्यायचे आहे. जाहिरात वाचून अनोळखी माणसे घर बघायला येतात, खोल्यांतून फिरतात, भिंती ठोकून पाहतात, आणि त्या गर्दीत तिचे एकटेपण उघडे पडते. ‘भेट’मध्येही जाहिरात होती आणि इथेही आहे. पहिल्यांदा माणूस हवा होता, दुसऱ्यांदा घर.

चेहऱ्याच्या जोडीने वस्तूलाही या परंपरेत मोठे स्थान आहे. त्याचे श्रेय मुख्यतः हुसारिक आणि छायालेखक यानोश तोत यांना जाते. ‘एलेगी’ (१९६५) हा दोघांनी मिळून केलेला लघुपट माणूस आणि घोडा यांच्या जुन्या सोबतीवर आहे. माळरानावरचा कळप, शहरातला गाडीचा घोडा आणि शेवटी कत्तलखाना अशी त्याची वाट. वीसेक मिनिटांत एकही संवाद नाही. निकटचे नाते माणसामाणसांतच असते असे नाही, हे सांगायला त्याला शब्द लागत नाहीत. १९७१ मध्ये या शैलीची दोन पूर्ण लांबीची फळे एकदमच आली. हुसारिकच्या ‘सिंदबाद’मध्ये म्हाताऱ्या रसिकाची प्रेमप्रकरणे अगदी जवळून घेतलेल्या चित्रांतून आठवतात. मांसाच्या गरम रश्श्यावर तरंगणारे चरबीचे सोनेरी गोल थेंब, छपराच्या कडेवरून ओघळणारे पाणी, उमलणारी पाकळी, केसांची बट. कोणत्या बाईचे नाव काय हे प्रेक्षक विसरतो, ते थेंब विसरत नाही. कारोय माक याच्या ‘प्रेम’मध्ये यानोश तोतने असेच सेकंदाचे तुकडे एका खोलीत बंद असलेल्या दोन बायकांच्या भोवती पेरले. मुलगा राजकीय कैदेत आहे. सून अंथरुणाला खिळलेल्या सासूला सांगते की तो अमेरिकेत चित्रपट काढतो आहे, आणि त्याच्या नावाने स्वतःच पत्रे लिहिते. सासूला कितपत कळले आहे, हे लिली दार्वाशच्या चेहऱ्यावरून ठरवायचे. बालाझने हा चित्रपट पाहिला असता तर आपला सिद्धांत सिद्ध करायला त्याला दुसरा पुरावा शोधावा लागला नसता.

मितव्ययाचे टोक मात्र कॅमेऱ्याने नव्हे, पेन्सिलीने गाठले. बुडापेस्टच्या पान्नोनिया फिल्म स्टुडिओत काम करणाऱ्या मार्सेल यान्कोविचने १९७४ मध्ये ‘सिसिफस’ काढला. पांढऱ्या कागदावर काळ्या शाईची एक रेघ, डोंगरावर दगड ढकलणारा माणूस आणि त्याच्या धापा. दोन मिनिटांचा खेळ. जोर लागला की रेघ जाड होते, दम संपला की ती तुटायला येते. ऑस्करच्या नामांकनापर्यंत तो पोचला. नात्यांच्या संदर्भात मात्र तीन वर्षांनंतरचा ‘झुंज’ जास्त महत्त्वाचा, ज्याला १९७७ मध्ये कान महोत्सवात लघुपटासाठीचा सुवर्ण ताड मिळाला. एक शिल्पकार दगड फोडतो आहे. घावागणिक आकार स्पष्ट होतो, आणि आकार आला तशी मूर्तीही छिन्नी चालवू लागते. आता दोघे एकमेकांना घडवतात आणि फोडतात. मूर्ती तरणीताठी होत जाते आणि तिला घडवणारा झिजत, खचत जातो. चित्रपट कलावंत आणि कलाकृतीविषयी आहे, असे म्हणून समीक्षक मोकळे होतात. पण आई-बाप आणि मूल, गुरू आणि शिष्य, नवरा आणि बायको, यांतली कोणतीही जोडी तिथे कल्पून पाहिली तरी काही बदलावे लागत नाही. प्रत्येक घावाचा आवाज सारखाच येतो. तो कोणी कोणाला मारला, हे डोळ्यांनीच पाहावे लागते. जवळच्या नात्याला लागणारी किंमत एवढ्या थोड्या रेषांत क्वचितच कोणी मांडली असेल.

सत्तरच्या दशकात घराचा प्रश्न पार्श्वभूमीतून पुढे आला. दुसऱ्या महायुद्धात बुडापेस्टची फार पडझड झाली होती, आणि त्यानंतर मोठी घरे विभागून एकाच घरात दोन-तीन कुटुंबे घालण्यात आली. स्वयंपाकघर आणि मोरी सामाईक. १९६१ ते १९७५ या काळात सरकारने दहा लाख घरे बांधण्याची योजना राबवली, आणि शहरांच्या कडेने कारखान्यात ओतलेल्या काँक्रीटच्या तयार भिंतींच्या इमारती उभ्या राहिल्या. तरी रांग संपली नाही. नवविवाहित जोडपी सासू-सासऱ्यांकडे नाहीतर पोटभाडेकरू म्हणून राहत. मार्ता मेसारोशच्या ‘दत्तक’ (१९७५) या बर्लिनच्या सुवर्ण अस्वलविजेत्या चित्रपटात तरुण मुलगी आणि तिच्या मित्राला भेटायला जागा हवी असते, आणि ती कारखान्यात काम करणारी एक विधवा आपल्या घरात देते. त्यातून त्या दोन बायकांचे नाते उभे राहते.

बेला तारने हा धागा सर्वांत निर्दयपणे ओढला. त्याचा ‘हॉटेल मॅग्नेझिट’ (१९७८) हा दहाएक मिनिटांचा लघुपट कामगारांच्या वसतिगृहातल्या एका खोलीत घडतो. दारूच्या आहारी गेलेल्या एका म्हाताऱ्यावर चोरीचा आळ आहे आणि त्याला खोली सोडायला सांगितले आहे. तो रडतो, शिव्या देतो, जुन्या गोष्टी काढतो. खोलीतले सोबती बघत राहतात. प्रेमकथा इथे नाही, पण एकाच खोलीत अंथरुणे टाकून राहणाऱ्या माणसांची सक्तीची जवळीक आहे, आणि ती तुटताना काय होते ते तारने चेहऱ्यांना कॅमेरा जवळजवळ चिकटवून दाखवले. बेला बालाझ स्टुडिओसाठी काढलेल्या ‘कुटुंबाचे घरटे’ (१९७९) या पूर्ण लांबीच्या चित्रपटात व्यावसायिक नट नाहीत. सून आणि मूल नवऱ्याच्या आईवडिलांच्या घरात राहतात, नवरा लष्करी नोकरी संपवून परततो, आणि सासरा रात्रंदिवस सुनेविरुद्ध त्याचे कान भरतो. लग्न मोडते ते कोणाच्या पापाने नव्हे. एक खोली कमी पडल्याने. ‘तयार भिंतींतले लोक’ (१९८२) मध्ये ती खोली मिळालेली आहे. रोबेर्त कोल्तोई आणि युदित पोगान्य या खऱ्या आयुष्यातही नवरा-बायको असलेल्या जोडीने त्यात काम केले. चित्रपट सुरूच होतो तो नवरा सामान भरून निघत असताना आणि बायको त्याला अडवत असताना. पुढे तोच प्रसंग पुन्हा येतो. तोवर प्रेक्षकाने त्यांचा कंटाळा, पार्ट्या, पैशांची ओढाताण पाहिलेली असते, त्यामुळे तीच भांडणे वेगळी ऐकू येतात. शेवटी दोघे नवे धुलाईयंत्र घेऊन ट्रकच्या हौद्यात बसून चालले आहेत. समेट झाला की नुसतेच यंत्र आणले गेले, याचा उलगडा तार करत नाही. कॅमेरा बराच वेळ त्या दोन चेहऱ्यांवर थांबतो, एवढेच.

त्याच वर्षी माकने ‘एकमेकींकडे पाहताना’ काढला. १९५८ चा काळ, वृत्तपत्रात काम करणाऱ्या दोन स्त्रियांचे प्रेम. त्यांतली एक लष्करी अधिकाऱ्याची बायको. घरी नेण्याची सोय नाही, म्हणून दोघी रात्री बागेतल्या बाकावर बसतात, आणि तिथे पोलीस येऊन ओळखपत्रे मागतात. जागेचा प्रश्न आणि राज्यसंस्थेचा प्रश्न एकाच बाकावर येऊन बसल्याचे असे दृश्य दुसरीकडे सहज सापडणार नाही. त्यांतल्या दुसरीच्या भूमिकेसाठी यादविगा यान्कोव्स्का-चेशलाक या पोलिश अभिनेत्रीला कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

१९८९ नंतर सरकारी स्टुडिओंची व्यवस्था मोडली, चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी लघुपट दाखवण्याची चालही गेली. लघुपट विद्यार्थ्यांचा आणि महोत्सवांचा झाला. या काळातला सर्वांत चर्चेत आलेला मितव्ययी प्रयोग म्हणजे मार्सेल इवान्यीचा ‘वारा’ (१९९६). हंगेरीत जन्मलेले छायाचित्रकार ल्युसिएन एर्वे यांच्या १९५१ च्या एका छायाचित्रात तीन बायका उभ्या राहून चौकटीबाहेर काहीतरी बघत आहेत. त्या काय बघत असतील, याचे उत्तर इवान्यीने सहा मिनिटांच्या एकाच सलग दृश्यात दिले. कॅमेरा बायकांपासून निघून संथपणे गोल फिरतो, वाटेत माणसांना फाशी दिली जात असल्याचे दिसते, आणि पूर्ण फेरी मारून तो पुन्हा बायकांवर येतो. त्याच तीन चेहऱ्यांवर आता निराळेच काही वाचले जाते. त्यालाही कानचा सुवर्ण ताड मिळाला. लास्लो नेमेशने ‘थोड्या धीराने’ (२००७) या चौदा मिनिटांच्या लघुपटात हीच युक्ती उलटी वापरली. कचेरीत काम करणारी तरुणी, तिच्या हातातली कोणाकडून तरी मिळालेली एक लहानशी चीजवस्तू आणि तिच्या चेहऱ्यावरचे खासगी सुख, यांवर कॅमेरा खिळून राहतो. बाकी सारे धूसर. खिडकी गाठली जाते तेव्हा बाहेर काय चालले आहे ते कळते, आणि चौदा मिनिटे जिच्या सुखाशी जवळीक वाटली तिच्याकडे कसे बघावे हेच समजेनासे होते. नेमेश आणि छायालेखक मात्याश एर्देय यांनी ‘सन ऑफ सॉल’ (२०१५) मध्ये ही पद्धत पूर्ण चित्रपटभर वापरली.

अलीकडच्या दहा-पंधरा वर्षांत जवळच्या नात्यांचा विषय पुन्हा रेखाटनाकडे गेला आहे, आणि तो बहुतांशी स्त्रियांनी नेला आहे. बुडापेस्टच्या मोहोली-नॉज कला विद्यापीठातून बाहेर पडलेल्या मुलींनी स्वतंत्र वळणाचा ॲनिमेशनपट घडवला. रेका बुचीच्या ‘लव्ह’ (२०१६) मध्ये माणूसच नाही. दूरच्या एका ग्रहमालेतले जीव आणि वनस्पती ओढ, प्रेम आणि एकटेपण अशा तीन प्रकरणांतून जातात. लुत्सा तोतच्या ‘मिस्टर मेअर’ (२०१९) मध्ये एका तरुणाच्या छातीच्या क्ष-किरण चित्रात गाठीसारखे काही दिसते, आणि तो असतो आत दडून बसलेला एक चिमुकला माणूस. हे चित्रपट गोड नाहीत. केस, घाम, चरबी, कातडी यांची त्यांना लाज वाटत नाही, आणि पहिल्यांदा बघणारा थोडा बिचकतो.

नाद्या आंद्राशेवचे दोन लघुपट या वाटेवर सर्वांत संयत आहेत. ‘चाटण्याचा आवाज’ (२०१६) आदाम बोदोर या लेखकाच्या कथेवर बेतला आहे. एक बाई आपल्या विदेशी रोपांची निगा राखते आणि शेजारचे मांजर रोज तिला न्याहाळते. एक दिवस मांजर नाहीसे होते आणि पुढच्या वसंतात एक विचित्र पुरुष दारात येतो. बघणे आणि बघू देणे एवढ्याच व्यवहारात किती वासना मावते, हे त्यातून दिसते. ‘सहजीवन’ (२०१९) मध्ये फसवली गेलेली बायको नवऱ्याच्या प्रेयसींचा माग काढते. सुरुवातीला मत्सर असतो. मग त्या बायका कशा हसतात, कशा राहतात, त्यांच्या मागे कोणत्या खुणा उरतात, याची ती कुतूहलाने नोंद करू लागते, आणि नवरा तिच्याच गोष्टीत दुय्यम होऊन बसतो. रागाचा भडका, जाब विचारणे, घर सोडणे, हे सगळे ठरीव प्रसंग टाळून आंद्राशेवने मत्सराची जात बदलून दाखवली. बडबड करणाऱ्या दहा चित्रपटांपेक्षा ही तेरा मिनिटे जास्त सांगतात.

फ्लोरा आन्ना बुदाने पदवीसाठी केलेल्या ‘एन्ट्रोपिया’ला २०१९ च्या बर्लिन महोत्सवात टेडी पुरस्कार मिळाला. तिचा ‘२७’ (२०२३) कानमध्ये सुवर्ण ताड घेऊन आला आणि काही आठवड्यांत आनसीच्या ॲनिमेशन महोत्सवात तिथला सर्वोच्च पुरस्कारही त्याला मिळाला. आलीस आज सत्तावीस वर्षांची झाली आहे आणि अजून आईवडिलांकडे राहते. स्वतःचे घर भाड्याने घेणे परवडत नाही. शरीराला हवे ते दिवास्वप्नांत मिळते, आणि ते पुरे होण्याआधीच घरातले कोणीतरी मधे येते. रात्री एका कारखान्याच्या गच्चीवर नशेची पार्टी, परतताना सायकलचा अपघात. रंग भडक आहेत, संगीत ढणढणते आहे, त्यामुळे जुन्या अर्थाने याला मितव्ययी म्हणायला काही जण तयार होत नाहीत. सांगाडा मात्र तोच आहे. एक देह, एक खोली, पलीकडे घरचे लोक. तारच्या चित्रपटातल्या सुनेला घर मिळत नव्हते कारण सरकारी यादीत नंबर लागत नव्हता. आलीसला मिळत नाही कारण बाजारभाव तिच्या पगाराबाहेरचा आहे. व्यवस्था बदलली, दार तिथेच राहिले.

हे लघुपट पाहताना काही गोष्टींकडे लक्ष ठेवले तर ते लवकर उलगडतात. आवाज ही त्यातली पहिली. संवाद नसतो तिथे पावले, भांडी, पाईपमधले पाणी, शेजारचा रेडिओ यांतून कळते की पात्रे किती एकटी आहेत आणि किती नाहीत. दुसरी गोष्ट, चित्र कधी तोडले जाते. लांबलेले दृश्य म्हणजे केवळ संथपणा असतोच असे नाही. तारच्या ट्रकवर ते कंटाळा दाखवते, इवान्यीच्या फेरीत भीती, आणि एलेकच्या ‘भेट’मध्ये शरम. याची दुसरी बाजूही मान्य करायला हवी. अलीकडे महोत्सवांत मितव्यय हीच एक ठरीव लकब झाली आहे. खिडकीपाशी गप्प उभी असलेली बाई, न बोलणारा नवरा, पाच मिनिटे चाललेला चहा, असे लघुपट हंगेरीतही पुष्कळ निघतात. काय गाळले याचा दिग्दर्शकालाच पत्ता नसला तर गाळण्याला अर्थ राहत नाही. ‘झुंज’ आणि त्याच्या पोकळ नकला यांतला फरक रेषांच्या संख्येचा नाही.

या परंपरेची सध्याची परिस्थिती सोपी नाही. २०२० मध्ये बुडापेस्टच्या नाट्य-चित्रपट विद्यापीठाचा कारभार सरकारने नेमलेल्या विश्वस्तांकडे गेला. विद्यार्थ्यांनी इमारत ताब्यात घेऊन दोन महिन्यांहून अधिक काळ आंदोलन केले, अनेक शिक्षकांनी राजीनामे दिले, त्यांत ‘देह आणि आत्मा’ (२०१७) या सुवर्ण अस्वलविजेत्या चित्रपटाच्या दिग्दर्शिका इल्दिको एन्येदीही होत्या. बाहेर पडलेल्यांनी स्वतःची संस्था काढून शिकवणे चालू ठेवले. जून २०२१ मध्ये संसदेने अठरा वर्षांखालील मुलांपुढे समलैंगिक नात्यांचे चित्रण करण्यावर बंधने घालणारा कायदा केला, त्यामुळे अशा विषयावरच्या चित्रपटांचे प्रदर्शन अवघड झाले. पैसा बऱ्याचदा परदेशी, विशेषतः फ्रेंच, निर्मात्यांच्या भागीदारीतून येतो. ‘लव्ह’, ‘सहजीवन’ आणि ‘२७’ हे तिन्ही तसेच उभे राहिले. देशात हे लघुपट मोठ्या पडद्यावर भेटतात ते मुख्यतः बुडापेस्टच्या ‘फ्रिश हूश’ लघुपट महोत्सवात, आणि साठ-सत्तरच्या दशकांतले जुने चित्रपट राष्ट्रीय चित्रपट संस्थेच्या संग्रहालयाने नव्याने दुरुस्त केलेल्या प्रतींमधून.